पडद्यावरच्या बाईचं वय कोण ठरवतं?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: पासष्टीच्या एका बाईला मध्यवर्ती ठेवून तुम्ही पटकथा लिहायला घेतली आहे. त्याआधी तुम्हाला समजून घ्यायचंय की आपल्या सिनेमात वयस्कर बायकांचं चित्रण खरंच बदललं, की रडणारी आई जाऊन गॉगल लावणारी आजी आली एवढंच. मी समीक्षक नाही. माझं सगळं काम केशभूषेचं. आधी नाटकं, मग मराठी-हिंदी चित्रपट, मधली बरीच वर्षं मालिका. 'आईचा लुक' आणि 'आजीचा लुक' यांवर माझं घर चाललं. त्यामुळे मला हा विषय जिथून दिसतो तिथूनच सांगते.

बदललं आहे, नक्की बदललं आहे. पण भूमिका 'चांगल्या' झाल्या किंवा आई 'मॉडर्न' झाली हा त्यातला वरवरचा भाग आहे. खरा बदल असा की पूर्वी बाईचं पडद्यावरचं वय नायकाच्या सोयीने ठरायचं आणि आता काही सिनेमांत ते तिच्या स्वतःच्या गोष्टीवरून ठरतं. हा बदल अर्ध्यावर आलाय. कुठे अडलाय ते पुढे सांगते, पण आधी मागचं बघायला हवं, कारण मागचं नीट पाहिल्याशिवाय आज काय मिळालं त्याची किंमत कळत नाही.

लीला चिटणीसांपासून सुरुवात करा. 'कंगन' (१९३९), 'बंधन' (१९४०), 'झूला' (१९४१) या चित्रपटांत त्या अशोककुमारांच्या नायिका होत्या. १९४१ साली लक्स साबणाच्या जाहिरातीत झळकलेली पहिली भारतीय तारका म्हणजे त्याच. आणि १९४८ च्या 'शहीद'मध्ये त्या दिलीपकुमारांच्या आई झाल्या. 'झूला'पासून 'शहीद'पर्यंत फक्त सात वर्षं. वयाची चाळिशीही उलटली नव्हती. त्यानंतर 'आवारा', 'गंगा जमना', 'गाइड'... आईच आई. त्यांचं 'चंदेरी दुनियेत' हे आत्मचरित्र मिळालं तर जरूर वाचा. इतकी शिकलेली, स्वतंत्र बुद्धीची बाई, आणि पडद्याने तिला उरलेली सगळी वर्षं देवापुढे हात जोडून उभी केली.

सुलोचनादीदींचंही तसंच. जन्म १९२८ चा. 'सुजाता'त (१९५९) नूतनला वाढवणाऱ्या आईच्या भूमिकेत त्या आहेत. नूतन त्यांच्यापेक्षा आठ वर्षांनी लहान. बरं, ते तरी चालून जाईल. 'जॉनी मेरा नाम' (१९७०) मध्ये त्या देव आनंदच्या आई आहेत आणि देव आनंद त्यांच्यापेक्षा पाच वर्षांनी मोठे! 'मदर इंडिया'त (१९५७) नर्गिस आणि सुनील दत्त माय-लेक आहेत. दोघांचाही जन्म जून १९२९ चा. राखीचं तर एकाच वर्षात झालं: १९८२ साली 'बेमिसाल'मध्ये ती अमिताभच्या बरोबरीची नायिका आणि 'शक्ती'त त्याच अमिताभची आई. रीमा लागू 'वास्तव'मध्ये (१९९९) ज्या संजय दत्तची आई आहेत, त्याच्यापेक्षा त्या जेमतेम वर्षाने मोठ्या.

लोक ही उदाहरणं गंमत म्हणून सांगतात. मला त्यात गंमत वाटत नाही, कारण आमच्या टेबलावर हा हिशोब रोज मांडला जायचा. नायक सत्तेचाळीसचा आहे आणि त्याला तिशीचा दाखवायचाय. आता त्याच्या शेजारी खरोखरच्या सत्तरीची बाई आई म्हणून उभी केली तर प्रेक्षक नकळत दोघांचे चेहरे ताडून बघणार आणि त्याची मान, त्याच्या डोळ्यांखालच्या पिशव्या उघड्या पडणार. म्हणून आई चाळिशीची घ्यायची, तिचा चेहरा तुकतुकीतच ठेवायचा आणि केसांवर मात्र पांढरं चढवायचं. त्या पांढऱ्या रंगाने ती म्हातारी दिसायची आणि तिच्या न सुरकुतलेल्या चेहऱ्यामुळे तो तरुण वाटायचा. एका विगमध्ये दोन कामं व्हायची, आणि दुसरं काम महत्त्वाचं होतं.

त्या लुकचा साचा ठरलेला होता. मधोमध भांग, मानेवर सैल अंबाडा, आत गंगावन भरून त्याला आकार, आणि दोन्ही कानशिलांवरून मागे जाणारे पांढऱ्या रंगाचे दोन फराटे. आई गरीब असेल तर तेल कमी आणि चार बटा सुटलेल्या. श्रीमंत सासू असेल तर अंबाडा उंच, घट्ट, एक केस हलता कामा नये. विधवा असेल तर सगळंच ओढून मागे. दिग्दर्शकाच्या सहायकाकडून कागद यायचा त्यावर नुसतं 'आई, गरीब' एवढं लिहिलेलं असायचं आणि आम्हाला पुढचं विचारायची गरज पडायची नाही. ती बाई सकाळी उठून काय करते, तिला केस विंचरायला वेळ मिळतो का, तिला आरसा आवडतो का, हे कुणी लिहिलेलंच नसायचं.

खऱ्या साठीच्या बाईचे केस कसे असतात ते एकदा नीट बघा. घरातल्याच कुणाचे बघा. पांढरं फराट्यासारखं येत नाही. भांगाच्या कडेला आणि कपाळाच्या वरच्या रेषेत आधी येतं, मागचे केस बरेच दिवस काळे राहतात. शिवाय आपल्याकडच्या कितीतरी बायका केस रंगवतात. म्हणजे महिन्याभराने भांगाच्या दोन्ही बाजूंना बोटभर शुभ्र पांढरं, त्याच्या पुढे मेंदीचा तांबूस पट्टा आणि शेपटाच्या टोकाला कधीतरी लावलेल्या डायचा निस्तेज काळा. कपाळाशी केस विरळ झालेले, टिकलीच्या जागी कातडी थोडी फिकी पडलेली. या एका डोक्यात त्या बाईचं सगळं वर्ष वाचता येतं: सण कधी झाला, लग्न कुणाचं होतं, मध्ये आजारपण येऊन गेलं का. असं डोकं मराठी पडद्यावर मी क्वचितच पाहिलंय. केस एक तर पूर्ण काळे, नाही तर कापसासारखे पांढरे. मधलं वय पडद्याला नको असतं.

यात आणखी एक गोष्ट आहे जी फार जणांना ठाऊक नसते. बायकांच्या चेहऱ्यावर म्हातारपण चढवण्याचं काम हिंदी सिनेमात कित्येक दशकं फक्त पुरुष करत होते. मुंबईतल्या आमच्या क्षेत्राच्या संघटनेचा नियमच होता: बाईला केशभूषेचं कार्ड मिळेल, मेकअपचं नाही. ज्यांना मेकअप येत होता त्या मैत्रिणींनाही सेटवर हेअर ड्रेसर म्हणूनच उभं राहावं लागायचं. नोव्हेंबर २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही बंदी बेकायदेशीर ठरवली. दोन हजार चौदा! म्हणजे 'मदर इंडिया'पासून 'बागबान'पर्यंतच्या सगळ्या आयांच्या सुरकुत्या पुरुषांनी रेखाटलेल्या. त्यांच्यात फार मोठे कलावंत होऊन गेले, मी त्यांच्याकडूनच शिकले, पण पन्नाशीत मान कशी दिसते, हनुवटीखाली काय होतं, पाळी गेल्यावर कातडीचा पोत कसा बदलतो हे आतून माहीत असलेलं माणूस त्या खोलीत नव्हतं. केसांचं काम आमच्याकडे होतं, पण लुक ठरताना आमचं मत कुणी विचारायचं नाही.

अपवाद होते, आणि ते पाहायलाच हवेत. 'पथेर पांचाली'तली (१९५५) इंदिर ठाकरुण म्हणजे चुनीबाला देवी, ऐंशीच्या घरातल्या. पाठीचं पोक त्यांचं, बोळकं त्यांचं, डोक्यावरचे बारीक कापलेले केसही त्यांचेच. त्या सिनेमात मृत्यू खरा वाटतो याचं एक मोठं कारण हे की त्या देहावर कुणी काही चढवलेलं नाही. आपल्याकडे दुर्गाबाई खोटे. 'अयोध्येचा राजा'तल्या (१९३२) तारामतीपासून 'बॉबी'तल्या (१९७३) गोव्याच्या मिसेस ब्रॅगांझापर्यंत त्या पडद्यावर आपल्या गतीने म्हाताऱ्या झाल्या. आणि ललिता पवार. १९४२ साली चित्रीकरणात बसलेल्या थपडेने त्यांच्या चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा कायमचा बारीक झाला आणि पंचविशी-सव्विशीत नायिकेच्या भूमिका बंद झाल्या. पुढे खाष्ट सासू म्हणून त्या घराघरांत पोचल्या, पण 'अनाडी'तली (१९५९) मिसेस डिसा बघा. भाड्यासाठी तोंडाचा पट्टा चालवणारी आणि लपूनछपून जीव लावणारी ती घरमालकीण. तिला स्वतःचं घर आहे, स्वतःचा पैसा आहे, गेलेल्या मुलाचं दुःख आहे आणि जिभेवर धार आहे. सत्तर-ऐंशीच्या दशकांतल्या बहुतेक आयांकडे यातलं फक्त दुःख शिल्लक राहिलं होतं. म्हणजे काळ पुढे सरकला तसं चित्रण सुधारत गेलं असं सरळ नाही. मधल्या काळात ते मागे गेलं, हेही लिहिताना लक्षात ठेवा.

एका नटीच्या वाटेने हा सगळा प्रवास दिसावा अशी माझी निवड रोहिणी हट्टंगडींची. 'गांधी'त (१९८२) त्यांनी कस्तुरबा तरुणपणापासून अखेरपर्यंत उभ्या केल्या आणि त्यासाठी त्यांना बाफ्टा पुरस्कार मिळाला. 'सारांश' (१९८४) आला तेव्हा त्या तिशीच्या आसपास होत्या आणि अनुपम खेर एकोणतीसचे. शिवाजी पार्कातलं मुलगा गमावलेलं म्हातारं मराठी जोडपं. शेवटी प्रधान मास्तर पार्वतीला म्हणतात की तुझ्या चेहऱ्यावरच्या सुरकुत्यांमध्येच माझ्या आयुष्याचा सारांश आहे. फार सुंदर वाक्य आहे. पण ज्या सुरकुत्यांना उद्देशून ते आहे त्या त्या चेहऱ्यावर नव्हत्या, रंगवलेल्या होत्या. रोहिणीताईंनी डोळ्यांनी आणि चालण्याने त्या खऱ्या केल्या ही त्यांची ताकद. पण विचार करा, त्या वर्षी मुंबईत साठी गाठलेल्या किती उत्तम नट्या असतील ज्यांच्याकडे त्या सुरकुत्या होत्या आणि काम नव्हतं. पुढे 'अग्निपथ'मध्ये (१९९०) रोहिणीताई अमिताभच्या आई झाल्या, वयाने त्याच्यापेक्षा बऱ्याच लहान असताना. मग 'चार दिवस सासूचे' ही मालिका दशकभराहून अधिक काळ चालली. आणि २०२३ मध्ये 'बाईपण भारी देवा'मध्ये सहा बहिणींतली थोरली, जया. सत्तरीच्या आसपासची नटी आणि तिला वय चढवायला आमची काही गरज नाही. जवळजवळ चाळीस वर्षांनी पडद्यावरचं वय आणि त्यांचं वय एकमेकांना भेटलं.

मालिकांबद्दल पटकन सांगते, कारण तिथे चित्र वाईट आहे. मालिकेत 'लीप' येतो, कथा दहा-वीस वर्षं पुढे जाते, सून सासू होते आणि तिच्या डोक्यावर एक पांढरी बट येते. एकच. ती बट रोज त्याच जागी यावी म्हणून कंटिन्युइटीचे फोटो काढायचे आणि वर्षानुवर्षं तीच बट रंगवायची. चॅनलकडून येणारा निरोप ठरलेला: फार म्हातारी करू नका, दागिने चांगले दिसले पाहिजेत.

चित्रपटात वळण कुठे आलं? मला विचाराल तर मराठीत ते 'उत्तरायण'पासून (२००५) जाणवायला लागलं. जयवंत दळवींच्या 'दुर्गी' या नाटकावरचा हा सिनेमा. शिवाजी साटम आणि नीना कुलकर्णी, उतारवयात पुन्हा भेटलेली दोन माणसं. त्यात तिच्या आधीच्या आयुष्यातला त्रास आहे, पण सिनेमाचा प्रश्न आहे तो 'आता हिला काय हवंय' हा. लगेच पुढे 'शेवरी' (२००६), ज्याच्या निर्मात्या नीनाताई स्वतःच होत्या. ही गोष्ट मी मुद्दाम सांगतेय. वयस्कर बाईच्या ज्या भूमिका मनात राहिल्या त्यांतल्या कितीतरींच्या मागे पैसा किंवा लेखणी बाईची आहे. 'झिम्मा'च्या (२०२१) निर्मितीत क्षिती जोग, 'बाईपण'च्या लेखनात वैशाली नाईक, 'इंग्लिश विंग्लिश' गौरी शिंदेंचा, 'त्रिभंग' रेणुका शहाणेंचा. 'इंग्लिश विंग्लिश'मधल्या (२०१२) सासूबाईही बघा. सुलभाताई देशपांडे. छोटी भूमिका, पण सुनेच्या बाजूने शांतपणे उभी राहणारी सासू आपल्या पडद्यावर तेव्हा नवीनच होती.

याच सुमारास आमच्या कामातही एक तांत्रिक उलथापालथ झाली. फिल्मवर चित्रीकरण व्हायचं तेव्हा रिळाचा दाणा आमचे दोष झाकायचा. डिजिटल कॅमेरे आले आणि केसांवरचा पांढरा रंग क्लोजअपमध्ये पिठासारखा दिसायला लागला. विगची जाळी कपाळाशी उठून दिसायची, सुरकुत्यांसाठी गालावर लावलेला लेटेक्सचा रबरी थर हसताना वेगळाच हलायचा. चांगला प्रोस्थेटिक मेकअप होतो, पण त्याला तास लागतात आणि पैसा लागतो. मराठी निर्मात्याला त्यापेक्षा खऱ्या वयाची नटी घेणं परवडायला लागलं. बदलाचं श्रेय नुसतं विचारांना देऊ नका, थोडं कॅमेऱ्यालाही द्या.

आणि तिसरं कारण प्रेक्षागृहात बसलेलं आहे. सत्तरच्या दशकात बँकेत, एलआयसीत, शाळेत, मंत्रालयात नोकरीला लागलेल्या मराठी बायका दोन हजार दहाच्या आसपास निवृत्त झाल्या. त्यांच्या हातात स्वतःची पेन्शन आली. त्या केसरीच्या-वीणाच्या सहलींना गेल्या, भिशीत पैसे टाकू लागल्या, दुपारच्या खेळाची तिकिटं स्वतः काढू लागल्या. 'बाईपण' ३० जून २०२३ ला लागला तेव्हा बायका नऊवारी नेसून, घोळक्याने थिएटरात येत होत्या, मंगळागौरीच्या गाण्याला उठून नाचत होत्या. सिनेमाने पंचाहत्तर कोटींचा पल्ला सहज ओलांडला. आमच्या धंद्यात जे शंभर चर्चासत्रांनी होत नाही ते एका आकड्याने होतं. त्यानंतर मला आलेल्या कामांच्या फोनमध्ये 'मुख्य भूमिका, वय ६०' हे शब्द पहिल्यांदा ऐकू आले.

हिंदीत ही लाट थोडी आधी आली. २०१७ मध्ये नीना गुप्तांनी इन्स्टाग्रामवर जाहीरपणे लिहिलं की मी मुंबईत राहते, चांगली अभिनेत्री आहे आणि काम शोधतेय. पुढच्याच वर्षी 'बधाई हो' आला, ज्यात लग्नाच्या वयाचा मुलगा असलेल्या बाईला दिवस जातात. त्यातल्या आजीसाठी सुरेखा सिक्रींना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. लग्नघरात सगळे सुनेला टोचून बोलत असताना ती खाष्ट म्हातारी अचानक सुनेची बाजू घेऊन सगळ्यांची तोंडं बंद करते, तो प्रसंग बघा. पूर्वीची सासू शेवटच्या रिळात सुधारायची, माफी मागायची. ही सुधारत नाही. ती तितकीच तिखट राहते, फक्त धार दुसरीकडे वळवते. लिहिणाऱ्याने शिकावं असं हे काम आहे.

'लिपस्टिक अंडर माय बुरखा'ला सेन्सॉर बोर्डाने २०१७ च्या सुरुवातीला प्रमाणपत्रच नाकारलं होतं. सिनेमा बायकांच्या बाजूचा आणि त्यांच्या कल्पनाविश्वाचा आहे हे कारणांपैकी एक. अपिलात जाऊन तो जुलैत लागला. त्यात रत्ना पाठक-शाह पंचावन्न वर्षांच्या विधवा आहेत, सगळं गाव त्यांना 'बुआजी' म्हणतं आणि त्या चोरून शृंगारिक कादंबऱ्या वाचतात. पोहणं शिकवणारा तरुण त्यांना नाव विचारतो तेव्हा 'उषा' हे स्वतःचं नाव ओठांवर यायला त्यांना क्षणभर लागतो. त्या एका क्षणात पन्नास वर्षांच्या आया-मावश्या-आत्यांचं उत्तर आहे. आणि शेवटी सगळे मिळून तिची जी अब्रू काढतात ती सिनेमाने लपवलेली नाही, हेही मला पटतं.

त्याच वर्षीचा 'अज्जी' फार कमी लोकांनी पाहिला. सुषमा देशपांडे, ज्यांना आपण 'व्हय मी सावित्रीबाई'मुळे ओळखतो. मुंबईच्या झोपडपट्टीत शिवणकाम करणारी, गुडघ्यांनी हैराण झालेली आजी, नातीवर बलात्कार झाल्यावर खाटकाकडे जाऊन मांस तोडायला शिकते. प्रत्येकाला सोसवेल असा तो सिनेमा नाही. पण त्या बाईच्या हालचालीत म्हातारपणाचा अभिनय कुठेच नाही. उठताना जमिनीला टेकवलेला हात नुसता बघा.

आणि मग २०१९ मध्ये 'सांड की आँख'. साठीत नेमबाजी शिकलेल्या बागपतच्या दोन खऱ्या आज्या, आणि भूमिकांत तिशीच्या आसपासच्या दोन नट्या, पांढऱ्या केसांच्या विगमध्ये. नीना गुप्तांनी तेव्हा उघडपणे म्हटलं की निदान आमच्या वयाच्या भूमिका तरी आमच्याकडून करून घ्या. दोघी मुली मेहनती आहेत, त्यांच्याबद्दल माझी तक्रार नाही. पण 'झूला'नंतर अठ्ठ्याहत्तर वर्षांनी आम्ही पुन्हा तोच पांढरा रंग घेऊन बसलो होतो. म्हणून मी म्हटलं, बदल अर्धाच झालाय.

बाकीचं अर्धं कुठे अडलंय? पहिलं म्हणजे पैशात. 'झिम्मा' मला मनापासून आवडतो. सुहास जोशी आणि निर्मिती सावंत या दोघींनी त्यात जे केलंय ते पाहून मी थिएटरात रडले आहे. पण मोकळं व्हायला इंग्लंडची सहल लागते ही अट किती जणींना परवडेल? घरकाम करणारी, भाजी विकणारी, विडी वळणारी बाई साठीची झाली की पडद्यावरून गायबच होते. 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'ने (२०२४) मला म्हणूनच इतका दिलासा दिला. कान महोत्सवात ग्रां प्री मिळवलेल्या त्या सिनेमात छाया कदमची पार्वती आहे, हॉस्पिटलात स्वयंपाक करणारी विधवा. घराचा एकही कागद हातात नाही म्हणून बिल्डर तिला बाहेर काढतो. जाण्यापूर्वी ती त्याच्या जाहिरातीच्या फलकावर दगड मारते आणि रत्नागिरीकडच्या आपल्या गावी निघून जाते. ती अजून म्हातारीही नाही, पण पुढे ती कशी म्हातारी होईल हे तिच्या चालण्यात दिसतं.

दुसरं अडलंय ते शरीरात. प्रेमाला आता परवानगी मिळते आहे: 'गुलमोहर'मध्ये (२०२३) शर्मिला टागोरांची कुसुम आपल्या नातीला सांगते की आपलं एका बाईवर प्रेम होतं, आणि त्याच वर्षी शबाना आझमी व धर्मेंद्र यांच्या चुंबनावर घराघरांत चर्चा झाली. पण रोजचं शरीर, म्हणजे झोप न येणं, लघवीला पुन्हा पुन्हा उठावं लागणं, कवळी, केस गळणं, यातलं काहीही पडद्यावर आलं की ते एक तर विनोदासाठी नाही तर मरणाची चाहूल म्हणून. 'लंचबॉक्स'मधल्या (२०१३) देशपांडे आंटी आठवतात? भारती आचरेकर. वरच्या मजल्यावरून टोपलीत मसाला सोडणारी, कोमातल्या नवऱ्याची वर्षानुवर्षं सेवा करणारी बाई, आणि पूर्ण सिनेमात तिचा फक्त आवाज. ती कल्पना सिनेमात चोख बसते, पण मला कायम वाटत राहिलं की एकदा कॅमेरा वर जायला हवा होता.

त्यामानाने 'फोटो प्रेम' (२०२१) सरळ या दुखण्यालाच हात घालतो. नीना कुलकर्णींची सुनंदा, कॅमेरा समोर आला की आखडणारी गृहिणी. तिला एक दिवस जाणवतं की आपण गेल्यावर लोकांपुढे ठेवायला आपला एक धड फोटोसुद्धा नाही. फोटोतली स्वतःची छबी तिला आवडत नाही, पण पुसून जाणंही मंजूर नाही. आपल्या आया-काकवा फोटो काढताना पदर सावरत मागच्या रांगेत सरकतात ते आठवा. वयस्कर बाईच्या चित्रणाबद्दल इतका नेमका मराठी सिनेमा दुसरा माझ्या पाहण्यात नाही, आणि तो ओटीटीवर आला म्हणून अनेकांनी पाहिलाच नाही.

तुमच्या पटकथेसाठी म्हणून 'झूला' आणि 'शहीद' जोडीने बघा, 'सारांश' आणि 'बाईपण' जोडीने बघा. बघताना प्रत्येक वेळी विचारा की या बाईच्या वयाचा उपयोग कुणाला होतोय, तिला की दुसऱ्या कुणाला? प्रसंगात निर्णय कोण घेतंय आणि कॅमेरा कुणाची फक्त प्रतिक्रिया टिपून परत जातोय? तुमच्या बाईला घरात असा वेळ द्या जेव्हा ती कुणाचीच आई, आजी, सासू नसते आणि कॅमेरा तरीही तिच्यावर राहतो. तिला एखादी चूक करू द्या जिचं समर्थन तुम्ही देणार नाही. गॉगल लावायचा असेल तर खुशाल लावा, पण तो तिने कुठून, कितीला घेतला हे तुम्हाला ठाऊक हवं.

आणि पात्राच्या वर्णनात 'वय ६५, प्रेमळ, करारी' असं लिहून सोडू नका. तिचे केस लिहा. ती रंगवते का, घरी की पार्लरमध्ये, कुणी लावून देतं की मागचं चुकत चुकत स्वतःच लावते, कधीपासून थांबवलं आणि का. तेवढं कागदावर असलं की लुक टेस्टच्या दिवशी आमच्यापैकी कुणीही पांढऱ्या रंगाची बाटली उघडणार नाही, आधी तुमच्या नटीला समोर बसवून तिचे स्वतःचे केस बघायला घेईल.